आई-बाबा, मी अजून तीन वर्षं इथेच राहायचं ठरवलंय

ऑक्सफर्ड,
१६ नोव्हेंबर

ती. आई आणि ती. बाबा,
साष्टांग नमस्कार.

हे फोनवरही सांगता आलं असतं. पण फोनवर आई लगेच "तुला बरं वाटेल ते कर" म्हणते आणि विषय भाजीवर नेते, आणि बाबा "घे, आईशी बोल" म्हणून फोन तिच्या हातात देतात. म्हणून पत्र लिहितेय. शेवटपर्यंत वाचा, मध्येच उठून फोन लावू नका.

डिसेंबरात मी कायमची परत येणार होते, ते येत नाहीये. इथे विद्यापीठाच्या बोडलियन ग्रंथालयात संस्कृत हस्तलिखितांची सूची करायचं काम तीन वर्षांसाठी मिळालंय. मंगळवारी सही केली. आधी विचारायला हवं होतं, हे मला कळतं. पण विचारलं असतं तर तुम्ही हो म्हणाला असता, आणि त्या हो मागे तुम्ही दोघांनी काय गिळलंय हे मला तुमच्या आवाजावरून कळलं असतं. मग मला सही करता आली नसती.

जूनमध्ये बाबांना स्टेंट घातला तेव्हा मला तिसऱ्या दिवशी सांगितलंत. तुम्ही माझ्या व्हायवासाठी, पीएच.डी.च्या तोंडी परीक्षेसाठी लपवलंत, मला माहीत आहे. पण त्या रात्रीपासून मी फोन उशाशी ठेवून झोपते. इथे ख्राइस्ट चर्च कॉलेजच्या मनोऱ्यातली ग्रेट टॉम नावाची घंटा रोज रात्री नऊ वाजून पाच मिनिटांनी १०१ टोले देते. पूर्वी कॉलेजात १०१ विद्यार्थी होते, त्या प्रत्येकाचा एक. आणि नऊ-पाच अशासाठी, की ऑक्सफर्डची स्वतःची सूर्याची वेळ ग्रिनिचच्या पाच मिनिटं मागे, आणि घंटेनं ती जुनी वेळ अजून सोडलेली नाही. या दिवसांत तेव्हा नाशकात रात्रीचे दोन पस्तीस झालेले असतात. बाबा साधारण तेव्हाच उठतात. टोले सुरू झाले की मला रोज तेच दिसतं: पॅसेजमधला दिवा, बाबांचा भिंतीवरचा हात. बाथरूममध्ये दांडा बसवून घ्या म्हणून मी जुलैपासून सांगतेय. बसवला का?

आता बाबा विचारतील, पोथ्याच वाचायच्या तर पुण्यात काय कमी आहेत? काहीच कमी नाहीत. मी तिकडे दोन ठिकाणी अर्ज केले होते, तुम्हाला सांगितलं नाही. एका ठिकाणाहून उत्तर आलं नाही, दुसरीकडे सहा महिन्यांचं मानधन होतं आणि पुढचं कुणी सांगेना. इथे १९०९ साली नेपाळच्या चंद्र शमशेर महाराजांनी सहा हजारांहून जास्त संस्कृत पोथ्या एकगठ्ठा दिल्या. त्या सगळ्यांची तपशीलवार सूची आजही पुरी झालेली नाही. कुणी लिहिली, कुठे लिहिली, कोणत्या शकात, पहिलं वाक्य काय, शेवटचं काय, किती पानं गहाळ, हे एकेक पोथी हातात घेऊनच लिहावं लागतं. मला हे काम येतं, बाबा, आणि नीट येतं.

परवा एक पोथी उघडली. फोमच्या उतरत्या टेकूवर पानं ठेवायची, जवळ फक्त पेन्सिल, शाईचं पेन आतसुद्धा न्यायचं नाही. शेवटच्या पानावर लेखकूच्या, म्हणजे पोथी उतरवून काढणाऱ्याच्या अक्षरात, ओळ जराशी वर चढत गेलेली: तैलाद्रक्षेज्जलाद्रक्षेद्रक्षेच्छिथिलबन्धनात्. पुढचं मी न वाचताच मनात म्हटलं, मूर्खहस्ते न दातव्यम् एवं वदति पुस्तकम्. तेलापासून, पाण्यापासून, सैल बांधणीपासून जप, मूर्खाच्या हाती देऊ नको, असं पुस्तकच म्हणतं. बाबा, तुमच्या कपाटाच्या आतल्या दारावर खडूनं लिहिलेलं हेच ना? मी भजी खाऊन तुमच्या पुस्तकाला हात लावला होता, तेव्हा तुम्ही ओरडला नाहीत. माझे हात साबणानं धुतलेत, तुमच्या धोतराला पुसलेत आणि मग हा श्लोक पाठ करून घेतलात. त्या पानापुढे बसून मला रडू आलं. शेजारी बसलेल्या बाईंनी काही न विचारता टिश्यू पुढे केला. पान लांब सरकवलं होतं, पोथीवर पाणी पडलेलं नाही, काळजी नसावी.

इथे सभासद होताना बोडलियन ग्रंथालयाची शपथ घ्यावी लागते. पुस्तकावर खूण करणार नाही, त्याला इजा करणार नाही, ग्रंथालयात आग किंवा ज्योत आणणार नाही आणि पेटवणार नाही. तो पोथीवाला जी गयावया करतो तीच ही. तेलाच्या जागी आग, एवढाच फरक. आणि पुस्तक बाहेर द्यायचं नाही म्हणजे नाही. १६४५ साली यादवी युद्धामुळे इंग्लंडचा राजा पहिला चार्ल्स स्वतः ऑक्सफर्डात तळ देऊन होता. त्यानं एक पुस्तक मागवलं. ग्रंथपालानं नियम दाखवला, पुस्तक दिलं नाही, आणि राजानं ते मानलं. तुम्ही नानाकाकांना कोश दिला नव्हता आणि त्यावरून दोन वर्षं अबोला झाला, तेव्हा मला तुमचा राग आला होता. आता येत नाही.

या ग्रंथालयाची मुळं सांगते, आईला आवडतील. आधी इथे ड्यूक हंफ्री नावाच्या सरदाराच्या ग्रंथांची खोली होती, १४८८ पासून. पुढे धर्माच्या भांडणात ती ओरबाडून रिकामी केली, १५५६ मध्ये तर लाकडी सामानसुद्धा विकलं. चाळीसएक वर्षं नुसत्या भिंती होत्या. मग टॉमस बोडली नावाचा, परदेशातल्या वकिलातीतून निवृत्त झालेला माणूस पुढे आला, स्वतःच्या पैशानं खोली उभी केली आणि ८ नोव्हेंबर १६०२ ला ग्रंथालय उघडलं. पैसा बराचसा बायकोकडचा, ॲनकडचा. तिचा पहिला नवरा तारली माशांच्या व्यापारात श्रीमंत झाला होता. नाव मात्र बोडलीचं लागलं. आई, तुझ्या पाटल्यांवर मी इथवर आले, म्हणून मला ही ॲन बाई सारखी आठवते. प्रबंधाच्या पहिल्या पानावर तुझं नाव बाबांच्या आधी आहे. बाबांनी रागावू नये.

थंडीची काळजी करू नका. १८४५ पर्यंत त्या जुन्या इमारतीत ऊब नव्हती आणि १९२९ पर्यंत दिवे नव्हते. आगीच्या भीतीनं माणसं उजेड संपला की उठून जायची. आता तसं काही नाही. मी बसते ती इमारत रस्त्यापलीकडची, नवी करून घेतलेली, गरम असते. खोलीवर हीटर आहे, गरम पाणी चोवीस तास. आईनं दिलेली गोधडी दुहेरी करून घेते. काउली रोडवर तुरीची डाळ, पोहे, कढीपत्ता सगळं मिळतं. तूप मी कढवते, गोडा मसाला मार्चपर्यंत पुरेल. चार वाजताच अंधार पडतो, पण माझा रस्ता वर्दळीचा आहे आणि मी सातच्या आत घरी असते. वजन कमी झालेलं नाही, व्हिडिओत चेहरा लहान दिसतो.

बाबा, तुमच्यासाठी एक गोष्ट राखून ठेवली होती. १८८१ मध्ये पेशावरजवळच्या बख्शाली गावात शेतकऱ्याला जमिनीत भूर्जपत्रं सापडली. ७० पानं, गणिताची. १९०२ पासून ती इथे आहेत. कार्बन चाचणीवरून काही पानं तिसऱ्या-चौथ्या शतकातली असावीत असं २०१७ मध्ये सांगितलं गेलं, त्यावर विद्वानांचा वाद चालू आहे. त्यातलं एक पान मी काचेमागे पाहिलं. जळक्या पापडासारखा रंग, कडा झडलेल्या, आणि आकड्यांमध्ये शून्याच्या जागी टिंब. नुसतं टिंब, जाडसर, हात दाबून काढलेलं. ओट्यावर खडूनं टिंब काढून तुम्ही मला विचारायचात, "मनू, इथे काय आहे?" मी म्हणायची काही नाही. तुम्ही म्हणायचात, "काही नाही कसं, जागा आहे." तुमच्या वर्गातल्या सगळ्या पोरांना ते पान दाखवावंसं वाटलं.

आई, आता तुझ्यासाठी. कॉर्नेलिया सोराबजी नाशिकची, १८६६ चा जन्म. पुण्याच्या डेक्कन कॉलेजात शिकली, मुंबई विद्यापीठाची पहिली स्त्री पदवीधर झाली. विलायतेची सरकारी शिष्यवृत्ती मात्र बाई म्हणून मिळाली नाही, ओळखीच्या माणसांनी वर्गणी काढून तिला १८८९ मध्ये ऑक्सफर्डला, सोमरव्हिल कॉलेजात पाठवलं. कायदा शिकली. १८९२ मध्ये पुरुषांबरोबर परीक्षेला बसता यावं म्हणून विद्यापीठाला खास ठराव करावा लागला. ती पास झाली आणि पदवी मिळाली नाही, कारण बायकांना पदवी द्यायचीच नाही असा नियम. तो नियम १९२० मध्ये बदलला. तोवर ती पन्नाशी ओलांडून गेली होती. त्यानंतर पदवी घेतली, मग बॅरिस्टरी केली.

तुझ्या निळ्या ट्रंकेतल्या एम. ए.च्या वह्या मला आठवतात. आजीचं आजारपण आलं तेव्हा तू त्या बांधून ठेवल्यास आणि पुन्हा कधी सोडल्या नाहीस. तू कधी बोलली नाहीस म्हणून मीही विचारलं नाही. सोमरव्हिलच्या फाटकावरून जाताना दर वेळी तुझीच आठवण येते, कॉर्नेलियाची नंतर.

म्हणून तुम्ही दोघांनी जुलैत इथे यायचं आहे. माझ्या पदवीदानाला. तिकिटं मी काढणार, यावर चर्चा नको. समारंभ शेल्डोनियन थिएटरमध्ये असतो, १६६९ मध्ये बांधून पुरं झालेलं. समारंभ बहुतेक सगळा लॅटिनमध्ये. काही कळलं नाही तरी बसून राहा. विद्यार्थी बाहेर जाऊन नवा गाऊन घालून परत आत येतात, माझा लाल असेल, त्याला निळं रेशीम लावलेलं. तेव्हा टाळ्या वाजवायच्या. आणि समारंभात प्रॉक्टर नावाचे अधिकारी मध्ये फेऱ्या मारतात. पूर्वी गावातल्या दुकानदाराची विद्यार्थ्याकडे उधारी राहिली असली तर तो प्रॉक्टरचा झगा ओढून पदवी अडवू शकायचा. आई, तू वर बसून झगा ओढू नकोस. माझी सगळ्यात मोठी उधारी तुझीच आहे.

हे मर्टन कॉलेजही दाखवीन. १२६४ मधलं. ज्ञानेश्वरी सांगितली गेली तेव्हा ते सव्वीस वर्षांचं होतं. बाबांना असा हिशेब आवडतो. चालायचं थोडं थोडं, मध्ये मध्ये बसू.

आता ऐका. बाबा, रक्त पातळ करायची गोळी एक दिवसही चुकवायची नाही, दिवसांच्या खणांची डबी मी दादाबरोबर पाठवलीय ती वापरा. गॅसची टाकी तुम्ही उचलायची नाही. गच्चीवर पाण्याची टाकी बघायला चढायचं नाही, वॉचमनला पन्नास रुपये द्या. आई, पोळ्यांना मावशी लाव, पैशाचं मी बघते, आणि गुडघ्याचा व्यायाम टीव्ही बघता बघता नाही, नीट सतरंजी घालून. जिना चढताना कठड्याला धरा, दोघांनीही. दर रविवारी सकाळी दहाला व्हिडिओ कॉल, आणि काही झालं तर त्याच दिवशी सांगायचं, तिसऱ्या दिवशी नाही. हे मी रागानं म्हणत नाहीये. मला दूर ठेवून तुम्ही मला वाचवत नाही, एवढंच.

तीन वर्षं म्हणजे तीनच. दर वर्षी दिवाळीला पाच आठवडे येणार, करारात लिहून घेतलंय. या दिवाळीला आले नाही, त्याबद्दल आकाशकंदील कुणी लावला हे अजून विचारायची हिंमत झालेली नाही. बाबा स्टुलावर चढले नसतील ना?

तुमची,
मनू

ता. क. पासपोर्ट देवघराच्या खालच्या खणात, एलआयसीच्या पाकिटात आहेत. आईच्या पासपोर्टची मुदत आजच बघून मला कळवा. आणि शेल्डोनियनमध्ये बाकं नुसत्या लाकडाची, पाठ टेकायला काही नाही, त्यामुळे ती पिवळी छोटी उशी बॅगेत आधी भरा, मग लोणचं.