बर्न्सच्या गावांहून परतल्यावर आई-बाबांना पत्र

ग्लासगो,
२ ऑगस्ट

तीर्थरूप बाबा आणि तीर्थरूप सौ. आई यांस,
शिरसाष्टांग नमस्कार, विनंती विशेष.

गेल्या आठवड्यात चार दिवसांची रजा काढून, रॉबर्ट बर्न्स जिथे जन्मला, राबला आणि वारला त्या गावांमधून मी फिरून आले. बाबा, तास संपायला पाच-सात मिनिटे उरली की तुम्ही पाठ्यपुस्तक मिटून त्याची लाल गुलाबाची कविता वर्गाला म्हणून दाखवायचा, आणि त्यातले स्कॉटिश उच्चार आपल्याला नीट येत नाहीत याची खंतही बोलून दाखवायचा. तेव्हा या वाटेवरून खरे तर आधी तुम्ही जायला हवे होते. तुमच्या गुडघ्यांना आता तेवढी चाल झेपणार नाही, म्हणून मी पाहिले ते कळवते. मी निघाले होते कवीच्या शोधात, परंतु सर्वांत जास्त वेळ माझी पावले रेंगाळली ती त्याच्या वडिलांपाशी.

एअर या गावाजवळ ॲलोवे येथे त्याचे जन्मघर आहे. त्याचे वडील विल्यम बर्नेस हे पेशाने माळी; त्यांनी १७५७ साली मातीच्या भिंतींचे आणि गवताने शाकारलेले हे घर स्वतःच्या हातांनी उभे केले. स्वयंपाकघरातच भिंतीच्या कोनाड्यात बसवलेला एक लाकडी पलंग आहे, आणि त्याच पलंगावर २५ जानेवारी १७५९ रोजी रॉबर्ट जन्मला. पुढे थोड्याच दिवसांत एका वादळात घराची एक बाजू ढासळली आणि बाळबाळंतिणीला शेजाऱ्यांच्या घरी हलवावे लागले. आई, त्याच छपराखाली पलीकडे गुरांचा गोठा आहे. आत शिरताना मला तुझ्या माहेरच्या जुन्या घराची आठवण झाली.

विल्यम यांची कमाई बेताची होती, तरीही मुलांनी शिकावे असा त्यांचा ध्यास होता. १७६५ मध्ये त्यांनी आणखी काही शेजाऱ्यांना एकत्र करून जॉन मर्डॉक नावाचा अठरा वर्षांचा शिक्षक नेमला. पगार सर्वांनी मिळून द्यायचा आणि मास्तरांनी आळीपाळीने एकेका घरी राहायचे, असे ठरले. आपल्याकडे गरीब विद्यार्थी वार लावून जेवत असत, इथे गुरुजींनीच वार लावले होते. बाबा, तुमच्या पहिल्या नेमणुकीच्या गावी लोकांनी तुम्हाला असेच घराघरांतून जेवू घातले होते, ते मला तिथे उभी असताना आठवले.

त्याची आई ॲग्नेस ब्राऊन हिला थोडेफार वाचता येत असे, लिहिता मात्र येत नव्हते. पण ती काम करता करता जुनी गाणी म्हणत असे, आणि तीच मुलाच्या कानात मुरली. पुढे जेम्स जॉन्सनच्या ‘स्कॉट्स म्युझिकल म्युझियम’ या संग्रहासाठी त्याने सुमारे दोनशे गाणी मिळवली, डागडुजी केली किंवा नव्याने रचली, आणि त्याबद्दल एक पैसाही घेतला नाही. जगभर वर्षाच्या अखेरीस गायले जाणारे ‘ऑल्ड लँग साइन’ त्यातलेच. त्याच्या चरित्रांत आईच्या वाट्याला इतकी कमी पाने येतात याचे मला वाईट वाटते. आई, तुझ्या जात्यावरच्या ओव्या मी अजून उतरवून घेतलेल्या नाहीत. येत्या दिवाळीत घरी येईन तेव्हा पहिले काम तेच करीन.

परतीच्या वाटेवर आर्विन लागते. जवसाचे तंतू विंचरण्याचा धंदा शिकण्यासाठी बाविसाव्या वर्षी तो तिथे गेला होता. दगडी फरसबंदीच्या अरुंद गल्लीत ती जागा आजही जपलेली आहे. तिथून २७ डिसेंबर १७८१ रोजी त्याने वडिलांना लिहिलेले पत्र मी त्या रात्री पुन्हा वाचले. नववर्षाच्या दिवशी घरी यायचे मनात होते पण काम सोडवत नाही, प्रकृती तशीच आहे, झोप किंचित बरी लागते, असे तो लिहितो. मग आपण या जगाला कंटाळलो आहोत हेही सांगून टाकतो, वडिलांनी दिलेल्या सदाचाराच्या धड्यांबद्दल आभार मानतो, आणि खाली ‘रॉबर्ट बर्नेस’ अशी, वडिलांच्या आडनावाच्या वळणाची, सही करतो. सहीनंतर एक ओळ आहे : पीठ संपत आले आहे, पण आणखी मिळेपर्यंत उसने घेईन. एवढे सगळे जड जड लिहून झाल्यावर मुलाने पिठाचे सांगितले, आणि मला वाटते, ते घरी कसे वाचले गेले असेल हे कोणत्याही आईवडिलांना कळेल. त्यानंतर थोड्याच दिवसांत, नववर्षाच्या जल्लोषात, ते दुकान जळून गेले आणि तो रिकाम्या हातांनी परतला.

घरची स्थितीही खालावतच चालली होती. लॉखली येथील एकशेतीस एकरांच्या कुळवाडीवरून जमीनमालकाशी वाद पेटला आणि कज्जा थेट एडिंबरोच्या वरिष्ठ न्यायालयापर्यंत गेला. जानेवारी १७८४ मध्ये निकाल विल्यम यांच्या बाजूने लागला, परंतु तोवर क्षयाने आणि काळजीने शरीर पोखरले होते; १३ फेब्रुवारीला ते गेले. धाकटी बहीण इसाबेला हिने पुढे सांगितलेली एक आठवण आहे. अखेरच्या दिवशी वडील म्हणाले की, मुलांपैकी एकाच्या पुढच्या आयुष्याची आपल्याला धास्ती वाटते. रॉबर्टने जवळ येऊन विचारले, “बाबा, तो मीच का?” वडील “हो” म्हणाले. तो खिडकीकडे तोंड करून उभा राहिला आणि त्याच्या गालांवरून आसवे ओघळत राहिली.

विल्यम यांची कबर ॲलोवेच्या छप्पर नसलेल्या जुन्या चर्चच्या आवारात आहे. आठवण म्हणून लोकांनी मूळ दगडाचे टवके काढून नेले, त्यामुळे आज उभा आहे तो नंतरचा दगड. त्याच्या मागच्या बाजूला मुलाने लिहिलेल्या ओळी कोरल्या आहेत. प्रेमळ पती, मायाळू पिता आणि उदार मित्र, असे त्यात वडिलांचे वर्णन आहे. पाऊस भुरभुरत होता, अक्षरांच्या खाचांत पाणी साचले होते, आणि मी बराच वेळ तिथून हलले नाही.

त्यानंतरचा भाग तुम्हाला ठाऊक आहे. जुलै १७८६ मध्ये किल्मार्नॉकला ६१२ प्रतींचे पहिले पुस्तक निघाले आणि त्याचे नाव सर्वत्र झाले. त्याच वर्षी तो जमैकातील मळ्यावर, जिथे गुलामांकडून राबवून घेतले जात असे, नोकरीला जायला निघाला होता, ही गोष्ट मात्र त्याच्यावर प्रेम करणाऱ्यांनीही झाकू नये. पुस्तकाला यश मिळाले आणि तो गेला नाही. एलिसलँडचे शेत, अबकारी खात्यातली नोकरी आणि शेवटी डम्फ्रीज. २१ जुलै १७९६ रोजी, ३७व्या वर्षी, तो वारला. अंत्ययात्रेच्या दिवशीच त्याच्या बायकोने, जीनने, मुलाला जन्म दिला. त्याची आई ॲग्नेस त्यानंतर सुमारे साडेतेवीस वर्षे जगली. नवऱ्याच्या दगडावर तिचेही नाव आहे, पण ती विसावली आहे दूर पूर्वेकडे, बोल्टनच्या चर्चच्या आवारात. तिथे मला जाता आले नाही. पुढच्या सुट्टीत जाईन.

बाबा, मी इकडे येण्याचे ठरवले तेव्हा तुम्ही आठ दिवस माझ्याशी फारसे बोलला नाहीत. तुम्हाला धास्ती वाटत होती ती माझीच का, हे विचारण्याचा धीर मला तेव्हा झाला नाही. आता विचारते. तुम्हाला नेमकी कशाची काळजी वाटत होती, आणि ती अजूनही वाटते का? फोनवर तुम्ही “सगळे ठीक आहे” म्हणून फोन आईच्या हातात देता, म्हणून कृपया सवडीने कागदावर लिहा. रक्तदाबाची गोळी वेळेवर घेत जा.

आपली,
लेक

ता. क. आई, तू दिलेली भाजणी संपत आली आहे. दोन वेळा थालीपीठ होईल एवढी शिल्लक आहे.