नाडी पूर्ण एक मिनिट मोजणाऱ्या सिस्टरना

आदरणीय सिस्टर,

स. न. वि. वि.

तुम्ही त्या डोळ्यांच्या दवाखान्यातून दुसरीकडे गेलात. कुठे गेलात ते तिथे कुणाला नीट सांगता आलं नाही, म्हणून हे पत्र असं जाहीर लिहितेय. तुमचं नाव लिहीत नाही, तुम्हाला विचारल्याशिवाय ते छापणं बरोबर नाही. पण कोरेगाव तालुक्यातलं मोतीबिंदूचं शिबिर आणि ईसीजीच्या पट्टीवर पेन्सिलीने केलेल्या खुणा एवढं म्हटलं की तुम्ही ओळखाल.

आधी खुशाली सांगते. अण्णा बरे आहेत. जिना चढतात, शेतावर जाऊन येतात, आणि आईवर पूर्वीसारखे खेकसतातही. आईला त्याचाच सगळ्यात जास्त आनंद झालाय.

शिबिराच्या आधीचे काही महिने अण्णा नुसते बसून असायचे. बांधापर्यंत गेले तरी धाप लागायची, दोनदा गोठ्यात डोळ्यांपुढे अंधारी येऊन ते खाली बसले होते. एका दवाखान्यात चक्करेच्या गोळ्या मिळाल्या, दुसरीकडे अशक्तपणाचं सलाइन लावलं. भावकीतलं कुणी म्हणायचं वय झालं, कुणी म्हणायचं साखर उतरली असेल. नाडीला हात मात्र कुणी लावला नाही. हे मी रागाने लिहीत नाही. तुम्ही जे केलंत ते किती साधं होतं आणि तरी किती दुर्मिळ, ते कळावं म्हणून लिहितेय.

ऑपरेशनआधीच्या तपासणीत बोटाला लावलेल्या चिमट्यावर नाडीचा 36 आकडा आला. बाजूला कुणी तरी म्हणालं, बोट गार असेल, मशीन चुकतंय, दुसऱ्या बोटाला लावा. तुम्ही चिमटा काढून ठेवलात, अण्णांच्या मनगटावर तीन बोटं टेकवलीत आणि भिंतीवरच्या घड्याळाकडे बघत पूर्ण एक मिनिट मोजलंत. पंधरा सेकंद मोजून चाराने गुणलं नाही. रांग दारापर्यंत होती, तरी दुसऱ्या हातावर परत एक मिनिट. मग म्हणालात, "मशीन बरोबर आहे. बाबा, झोपा जरा."

त्यानंतरचे तुमचे प्रश्न मला अजून तोंडपाठ आहेत. चक्कर येते म्हणजे घर फिरल्यासारखं वाटतं की डोळ्यांपुढे अंधार येतो? मान वळवल्यावर येते की काही न करताही? कधी शुद्ध हरपून पडलात का? पडल्यावर लगेच भानावर आलात की बराच वेळ गोंधळल्यासारखं झालं? घर फिरतं ती चक्कर बहुतेक वेळा कानाची असते. आणि काही पूर्वसूचना न देता क्षणभर सगळं विझतं, मग माणूस लगेच टवटवीत होऊन "मला काय झालं होतं?" विचारतो, तेव्हा हृदयाकडे बघायला हवं. इतके दिवस आम्ही सगळ्यालाच 'चक्कर' म्हणत होतो आणि गोळ्याही त्याच मिळत होत्या.

मग ईसीजी काढलात. डॉक्टर ऑपरेशन थिएटरमधून बाहेर येईपर्यंत तुम्ही पट्टी टेबलावर पसरलीत, एका कोऱ्या कागदाची कड तिच्यावर टेकवलीत आणि छोट्या उंचवट्यांसमोर पेन्सिलीने बारीक खुणा केल्यात. कागद पुढे सरकवला, तर खुणा पुढच्या उंचवट्यांवर बरोब्बर बसल्या. हे वरच्या कप्प्यांचे ठोके, मिनिटाला पंचाहत्तरच्या आसपास, एकदम नियमित. मग उंच टोकांसमोर दुसऱ्या खुणा. त्याही आपापल्या जागी नियमित, पण दोन टोकांमध्ये आठ मोठे चौकोन. पट्टीवर मिनिटाला तीनशे मोठे चौकोन सरकतात, तीनशेला आठाने भागलं की साधारण 37. "दोन्ही आपापल्या वेगाने चाललेत, एकमेकांशी बोलतच नाहीत," तुम्ही म्हणालात. डॉक्टरांनी पट्टी बघितली आणि मान डोलावली. कम्प्लीट हार्ट ब्लॉक.

तो शब्द ऐकून माझे हातपाय गळाले. भाऊ लगेच अँजिओप्लास्टीचा खर्च विचारू लागला. तुम्ही त्याला खुर्चीत बसवलंत आणि अण्णा शेतकरी आहेत हे लक्षात ठेवून सांगितलंत: विहिरीवरची मोटर चांगली आहे, पाइपही तुंबलेला नाही, स्टार्टरकडून मोटरकडे येणारी वायर मधेच तुटली आहे. हृदयाच्या वरच्या उजव्या कप्प्यात ठोक्याची सुरुवात होते, तिथून तो संदेश मधल्या गाठीतून खाली उतरतो. तो मधे अडला की खालचे कप्पे स्वतःच्या बळावर मिनिटाला तीस-चाळीस ठोके देत राहतात. तेवढ्यावर माणूस बसून राहतो, चालू शकत नाही. आणि तेही कधी थांबतील याचा भरवसा नसतो. म्हणून ठोके देणारं छोटं यंत्र, म्हणजे पेसमेकर, बसवावं लागू शकतं.

आमचे नातेवाईक अजून विचारतात, स्टेंट टाकला का? त्यांना मी तुमची मोटर सांगते, आणि त्यांना ती लगेच समजते.

तुम्ही औषधांची पिशवी मागवलीत. बीपीची गोळी अम्लोडिपिनची निघाली. तिने नाडी मंद होत नाही, म्हणालात. मग विचारलंत, "डोळ्यात काही घालता का?" आम्ही औषधं सांगताना थेंब कधीच सांगत नव्हतो, आम्हाला ते औषधच वाटत नव्हतं. काचबिंदूसाठी अण्णा टिमोलॉलचे थेंब घालत होते. हे थेंब डोळ्यातून नाकात उतरतात, तिथून रक्तात जातात आणि हृदयाचा वेग कमी करू शकतात, हे आम्हाला पहिल्यांदा कळलं. बीपी आणि छातीत दुखण्यासाठी दिल्या जाणाऱ्या मेटोप्रोलॉल, अटेनोलॉल, डिल्टियाझेमसारख्या गोळ्यांचंही तसंच. तुम्ही चिठ्ठीवर थेंबाचं नाव, शेवटचा थेंब कधी घातला ती वेळ, आणि डॉक्टरांच्या सांगण्यावरून दिलेल्या अ‍ॅट्रोपिनच्या इंजेक्शनने नाडी फारशी वाढली नाही हेही लिहिलंत. शहरातल्या हृदयरोगतज्ज्ञांनी ती चिठ्ठी दोनदा वाचली आणि विचारलं, ही कुणी लिहिली? मला तेव्हा फार अभिमान वाटला, जणू तुम्ही आमच्याच घरच्या.

आमच्या जीपने जातो म्हटलं तर तुम्ही सरळ नाही म्हणालात. 108 बोलावलीत, अण्णांना चालत गाडीपर्यंत जाऊ दिलं नाहीत, स्ट्रेचरवरच नेलंत. निघताना रेशन कार्ड आणि आधार कार्ड बरोबर घ्या, पोचल्यावर महात्मा फुले योजनेच्या आरोग्यमित्राला भेटा, हेही सांगितलंत. तुमच्या त्या एका वाक्याने आमची एक म्हैस विकायची वाचली.

त्याच रांगेतला पोलीस भरतीची तयारी करणारा मुलगा तुम्हाला आठवतो का? आजीला घेऊन आला होता. अण्णांचं ऐकून घाबरला आणि मनगटावरचं घड्याळ दाखवत म्हणाला, माझी नाडी 48 आहे, मलाही पेसमेकर लागेल का? एवढ्या गडबडीतही तुम्ही थांबलात. रोज पळतोस ना? पळताना कधी चक्कर, छातीत दुखणं, शुद्ध जाणं? नाही ना? मग रोज पळणाऱ्या तरुणाचं हृदय आरामात सावकाशच चालतं, झोपेत तर अजून खाली जातं, त्याला काही लागत नाही. पळताना कधी भोवळ आली तर मात्र तडक ये. पोराचा चेहरा खुलला.

तुम्ही त्याला जे थोडक्यात सांगितलंत त्याचा पुरता अर्थ मला शहरातल्या वॉर्डात कळला. पेसमेकर नुसता आकडा बघून बसवत नाहीत. शेजारच्या खाटेवरच्या मावशींची नाडी चाळीसला होती. त्यांचं थायरॉइड फार कमी निघालं, गोळ्या सुरू झाल्या, नाडी हळूहळू वर येऊ लागली, मशीन लागलंच नाही. पलीकडच्या काकांना हार्ट अटॅकमध्ये ब्लॉक झाला होता. त्यांना काही दिवस बाहेरच्या डबीतून हृदयाला ठोके देणारी तात्पुरती तार घातली, मग हृदय आपलं आपण सावरलं आणि तार काढली. रक्तातलं पोटॅशियम वाढलं तरी असं होतं. संदेश नुसता उशिरा पोचत असेल, किंवा एखादा ठोका हळूहळू लांबत जाऊन गळत असेल, तर बहुतेकदा फक्त लक्ष ठेवतात. शाळेत उन्हात उभं राहून भोवळ येणाऱ्या मुलींनाही सहसा याची गरज नसते.

मग लागतो कुणाला? वरचा-खालचा संबंध पूर्ण तुटलाय, किंवा काही सूचना नसताना ठोके अचानक गळतात, आणि त्यामागे औषध, थायरॉइड, क्षार असं बरं होण्यासारखं कारण सापडत नाही, त्यांना. अशांना कधीकधी त्रास जाणवत नसला तरी बसवतात. ज्यांच्यात ठोका सुरू करणारी मूळ गाठच थकली आहे, मधेच काही सेकंद हृदय थांबतं, त्यांच्यात मात्र त्रास आणि मंद ठोका एकाच वेळी होतोय का ते पकडावं लागतं. त्यासाठी चोवीस तास ईसीजी नोंदवणारं होल्टर हे यंत्र अंगाला लावतात, कधी त्याहून जास्त दिवसांचं यंत्र. साध्या ईसीजीत दहा सेकंदच दिसतात. तो ठीक आला म्हणून रोग नाही असं होत नाही.

अण्णांचे थेंब पहिल्याच दिवशी बंद केले आणि मानेतून तात्पुरती तार घातली. थायरॉइड, पोटॅशियम, इको, सगळं झालं, सगळं ठीक. डॉक्टर रोज सकाळी बाहेरच्या डबीचा वेग हळूहळू खाली आणायचे आणि अण्णांचं स्वतःचं हृदय काय करतंय ते मॉनिटरवर बघायचे. थेंबाचा असर उतरायला पुरेसे दिवस गेले तरी ठोका तिशीतच. तेव्हा डॉक्टर म्हणाले, आता कायमचा बसवू.

आम्ही घाबरलो होतो तेवढं ते अवघड नव्हतं. छाती उघडत नाहीत, भूलही तेवढ्या जागेपुरतीच. डाव्या गळपट्टीच्या हाडाखाली छोटा छेद, शिरेतून दोन तारा हृदयात, आणि कातडीखाली पाव मुठीएवढी डबी. अण्णा आत डॉक्टरांशी उसाच्या दराबद्दल बोलत होते म्हणे. नंतर काही आठवडे डावा हात खांद्याच्या वर न्यायचा नाही, तारा हलू नयेत म्हणून. मोबाइल डाव्या खिशात नाही, उजव्या कानाला लावायचा. इंडक्शन शेगडीपासून निदान दोन फूट लांब. पेसमेकरचं कार्ड कायम जवळ. बॅटरी साधारण आठ ते बारा वर्षं, मग डबी बदलायची, तारा ठीक असतील तर त्याच चालतात.

वॉर्डाबाहेर बसून मी याचा इतिहास वाचत होते. शरीरात बसवलेला पहिला पेसमेकर 8 ऑक्टोबर 1958 ला स्टॉकहोममध्ये आर्ने लार्सन या माणसाला बसवला. सर्जन ओके सेनिंग, यंत्र रूने एल्मक्विस्टने बनवलेलं, बूट पॉलिशच्या डबीच्या साच्यात ओतलेलं. पहिलं यंत्र काही तासांतच बंद पडलं. पण लार्सन 2001 पर्यंत जगले, आयुष्यात 26 पेसमेकर वापरले, आणि त्यांचा सर्जन व इंजिनिअर दोघांच्याही मागे राहिले. मला त्यात सगळ्यात भावली ती त्यांची बायको. नवरा दिवसातून कितीतरी वेळा बेशुद्ध पडायचा, आणि एल्से-मारी त्या दोघांच्या मागे लागली की काहीतरी करा. यंत्र अजून तयार नाही म्हणाले तर मग तयार करा म्हणाली. त्या दिवशी फोनवर शहरातल्या दवाखान्याशी बोलताना तुमचा आवाज असाच होता, सिस्टर. "बेड बघतो" यावर तुमचं समाधान झालं नाही. बेड मिळाल्याचं ऐकूनच तुम्ही फोन ठेवलात.

एक सांगायचं राहिलं. पहिल्या तपासणीला डॉक्टरांनी छातीवर चकतीसारखं यंत्र ठेवून आतली सगळी नोंद कागदावर काढली. खालच्या कप्प्यांचे 99 टक्के ठोके पेसमेकरने दिलेले. म्हणजे अण्णांचं हृदय जवळजवळ एकही ठोका स्वतःहून खाली पोचवत नाही. त्या कागदाची एक झेरॉक्स तुमच्यासाठी काढून ठेवली आहे. आईने पाकिटावर स्वतःच्या हाताने 'सिस्टर' एवढंच लिहिलंय. पत्ता कळवा, नाहीतर सवड काढून घरी या. तुमचे उपकार आम्ही जन्मभर विसरणार नाही.

तुमची कृतज्ञ,
अण्णांची थोरली मुलगी