अ‍ॅक्रिलिक कापताना घाई नको

मा. संपादक,

खिडकीला किंवा शोकेसला काचेऐवजी पारदर्शक प्लास्टिकची अ‍ॅक्रिलिक शीट बसवणारे अनेकजण ती घरीच कापतात आणि मग कड चिकटली, तडा गेला अशी तक्रार करतात. दोष बहुधा उष्णतेचा असतो. शंभर अंश सेल्सिअसच्या आसपास अ‍ॅक्रिलिक मऊ पडते. जिगसॉ (विजेवर चालणारी छोटी करवत) वेगात चालवला की भुसा वितळून पात्यामागे काप पुन्हा जुळतो. म्हणून वेग कमी, पाते बारीक दातांचे, आणि मशीन जोराने पुढे ढकलायची नाही. लाकडाचे जाड दातांचे पाते तर कडेचे टवकेच उडवते.

तीन मिलिमीटरपर्यंतच्या शीटला करवत लागतच नाही. स्टीलची पट्टी धरून अ‍ॅक्रिलिक कटरने (आकड्यासारख्या टोकाच्या सुरीने) आठ-दहा वेळा ओरखडा खोल करा, ती रेघ टेबलाच्या कडेवर आणा आणि झटक्यात दाबा. त्याहून जाड शीटला हॅक्सॉचे (धातू कापायच्या हातकरवतीचे) इंचाला २४ दातांचे पाते चालते, फक्त शीट रेघेजवळच क्लॅम्पने आवळा; थरथर झाली की तडा गेलाच! वरचा संरक्षक कागद शेवटपर्यंत काढू नका. गॉगल हवाच.

कड आधी कानशीने, मग २२० ते ६०० नंबरच्या वॉटर पेपरने घासा. पुसायला साबणाचे पाणी पुरे. थिनर किंवा स्पिरिटने बारीक भेगा पडतात.

– एक वाचक