दोन चंद्रांच्या राज्यात भरती किती वाजता?

संपादक महाशय,
स. न. वि. वि.

आपल्या रविवारच्या बालपुरवणीत दोन चंद्रांच्या राज्याची गोष्ट सध्या क्रमशः येते आहे. आमच्या घरी ती मोठ्याने वाचली जाते. वाचणारी नात सातवीत, ऐकणारा मी. राजकन्या झकास आहे, तिचा बोलका घुबडही. समुद्रातल्या किल्ल्यावर लटकणारा तो निळा गोळा म्हणजे नक्की काय, याची उत्सुकता मलाही आहे. पण गेल्या भागात राजकन्या पौर्णिमेच्या मध्यरात्री, पूर्वेला नुकत्याच उगवलेल्या चंद्राच्या उजेडात, चालत किल्ल्यावर गेली आणि मी म्हटलं, थांब.

मी अलिबागचा. आमच्याकडेही पाण्यातला किल्ला आहे, आणि ओहोटीला त्यावर चालत जाता येतं. जन्म किनाऱ्यावर गेला की एक हिशेब अंगवळणी पडतो : तिथीची पाऊणपट केली की पूर्ण भरतीची वेळ अदमासे निघते. चतुर्थीला तीन, अष्टमीला सहा, पौर्णिमेला सव्वाअकरा-बारा. दुपारची तशीच रात्रीची. म्हणजे पौर्णिमेच्या मध्यरात्री आमच्या किल्ल्याच्या वाटेवर उधाणाचं पाणी असतं. राजकन्या घुबडासकट बुडाली असती. आणि पौर्णिमेचा चंद्र उगवतो दिवेलागणीला. मध्यरात्री तो डोक्यावर आलेला असतो.

नात म्हणाली, "आजोबा, गोष्टच आहे ना! तिथले चंद्र वेगळे."

मान्य. वेगळे असू देत. पण मग त्यांचं वेगळेपण तरी कुठेतरी दिसू दे. दोन चंद्र म्हणजे दोन तिथ्या. संकष्टीचा उपास कोणत्या चंद्रोदयाला सोडायचा? (आमच्या सौ. म्हणतात, जो आधी उगवेल त्याला.) कोळ्यांनी होडी कधी लोटायची? दोन्ही चंद्र एका रेषेत आले की केवढं उधाण येईल, आणि ओहोटीला समुद्र कुठवर मागे सरेल! लेखकाने दुसरा चंद्र आकाशात टांगला तो नुसता झुंबरासारखा. खाली काहीच बदललं नाही.

हे शास्त्राच्या मास्तरचं कुरकुरणं वाटेल. तसं नाही. उलट अद्भुत गोष्टी रचणाऱ्या जुन्या लोकांनी हा हिशेब फार कसोशीने सांभाळला आहे. आपला त्रिशंकूच घ्या. दर निवडणुकीला आपण त्याला 'त्रिशंकू विधानसभा' म्हणून मथळ्यात राबवतो, पण मूळ गोष्ट प्रतिसृष्टीची आहे. वाल्मीकींच्या बालकांडात त्रिशंकू सदेह स्वर्गात जायला निघतो, इंद्र त्याला ढकलून देतो, तो डोकं खाली करून कोसळू लागतो. विश्वामित्र ओरडतात, "तिष्ठ!" आणि तो अधांतरी थांबतो. मग ऋषी रागाच्या भरात दक्षिणेला नवे सप्तर्षी, नवी नक्षत्रं घडवू लागतात. देव घाबरून तडजोड करतात, तिचं कलम वाचण्यासारखं आहे : ही नवी नक्षत्रं राहतील, पण वैश्वानरपथाच्या बाहेर, त्रिशंकू राहील, पण उलटाच. मी वैश्वानरपथाचा सरळ अर्थ घेतो सूर्याची वाट.

आता प्रत्यक्ष बघा. मेच्या मध्यावर रात्री नऊ-साडेनऊला किनाऱ्यावर उभं राहून थेट दक्षिणेला तोंड करायचं. क्षितिजालगत चार ताऱ्यांचा छोटा पतंग दिसतो, तोच आपल्याकडे त्रिशंकू म्हणून ओळखला जातो. डावीकडे नरतुरंग तारकासमूहातले मित्र आणि मित्रक हे दोन ठसठशीत तारे, म्हणजे चुकायला नको. पतंगाचा सगळ्यात तेजस्वी तारा सगळ्यात खाली. डोकं खाली, हे कुणी सांगावं लागत नाही. अलिबागहून तो खालचा तारा क्षितिजापासून जेमतेम आठ अंश वर येतो. हात लांब करून मूठ धरली तर तिच्याआड लपतो. धुरकट हवा असली तर दिसतही नाही. कन्याकुमारीला तोच एकोणीस अंशांवर असतो आणि दिल्लीहून क्षितिजाच्या वर येतच नाही. ना धड स्वर्गात, ना धड जमिनीवर. सूर्य-चंद्र त्याच्या आसपासही फिरकत नाहीत. गोष्ट कितीही अचाट असो, ती रचणाऱ्याने आकाश पाहिलेलं होतं, याबद्दल मला तरी शंका नाही.

आणि आपल्या कथेतला निळा गोळा? तो राज्यातल्या प्रत्येक गावातून 'बरोब्बर डोक्यावर' दिसतो. आहे किल्ल्यावर, आणि दिसतो सात कोसांवरच्या धनगरवाड्यातही डोक्यावर! हे जर लेखकाने मुद्दाम केलं असेल तर मी कान पकडतो, कारण मग ते खरंच गूढ आहे. पण तसं असेल तर निदान एखाद्या धनगराला तरी मान वर करून विचारू द्या, "हा तिकडचा इकडे कसा?" कुणालाच नवल वाटत नाही, म्हणून मलाही वाटत नाही.

परदेशी उदाहरणाशिवाय पटत नसेल तर 'लॉर्ड ऑफ द रिंग्ज' लिहिणारा इंग्रज लेखक टॉल्कीन घ्या. आख्खं जग मनाने रचलेला माणूस. त्याच्या आकाशात एक खलाशी कपाळाला रत्न बांधून जहाज हाकतो आणि लोकांना तो तारा वाटतो. पण दिसतो पहाटे आणि संध्याकाळी, म्हणजे आपली शुक्राची चांदणी. १९४४ साली आपल्या मुलाला लिहिलेल्या पत्रात तो कबूल करतो की, कादंबरीतले चंद्र भलतंच काही करत होते, देशाच्या एका भागात उगवत होते तेव्हाच दुसऱ्या भागात मावळत होते. ते निस्तरायला मागच्या प्रकरणांतले तुकडे पुन्हा लिहीत त्याची आख्खी दुपार गेली. कुणी वाचक तपासायला बसला नव्हता. त्याला स्वतःलाच चैन पडलं नाही.

मुलं तपासतात, हे मात्र आपल्या लेखकांनी धरून चालावं. माझी कुरकुर ऐकून नातीने पंचांग मागितलं, मग ते बाजूला ठेवून वहीत स्वतःचंच आखलं. थोरल्या चंद्राचा महिना तीस दिवसांचा, धाकट्याचा अकरा. दोन्ही अमावास्या एकाच दिवशी यायला तीनशे तीस दिवस लागतात. मी खूश होऊन म्हटलं, हाच तो दिवस, तेव्हाच समुद्र सगळ्यात मागे हटेल आणि किल्ल्याची वाट उघडी पडेल, वर्षाकाठी एकदा. लेखकाला हवी असेल तर ही कल्पना फुकट घ्यावी, असं पत्रात लिहितो म्हणालो.

तिने पेन्सिल कानामागे खोचली आणि म्हणाली, "एकदा नाही आजोबा, दोनदा. एकशे पासष्टाव्या दिवशी धाकट्याची अमावास्या आणि थोरल्याची पौर्णिमा. तेव्हाही तिघं एका रेषेतच येतात की!"

कृपया तेवढी दुरुस्ती करून छापावे.

आपला,
एक वाचक, अलिबाग