त्या चित्रपटाला ‘हलकाफुलका’ म्हणू नका

मा. संपादक,
स. न. वि. वि.

रविवार पुरवणीतला मूकपटांवरचा लेख आवडला. मात्र दिग्दर्शक कार्ल ड्रायर यांच्या, ‘आपल्या पत्नीचा मान राख’ अशा अर्थाचं नाव असलेल्या १९२५ सालच्या डॅनिश मूकपटाची त्यात ‘हलकीफुलकी कौटुंबिक करमणूक’ म्हणून बोळवण केली आहे. ते मनाला लागलं.

कोपनहेगनमधलं दोन खोल्यांचं बिऱ्हाड. विक्टरचा धंदा बुडालेला आणि त्याचा सगळा राग बायकोवर, इडावर, आणि मुलांवर. दोरीवर कपडे वाळत घातले तरी आदळआपट, कॉफीबरोबर चमचा नसला तरी आदळआपट. पावावर लोणी कमी म्हणून तो कुरकुरतो, तेव्हा इडा आपल्या पावावरचं लोणी सुरीनं खरवडून त्याच्या पावाला लावते. एवढंच. ना रडणं, ना तक्रार.

माझी आई सगळ्यांची जेवणं झाल्यावर पातेल्याला चिकटलेली भाजी खरवडून घ्यायची आणि त्यावर दोन पोळ्या खायची. ‘आईला खरवड आवडते,’ असं आम्ही भावंडं पाहुण्यांना सांगायचो. फिल्म क्लबात हा प्रसंग पाहिला त्या रात्री मला झोप लागली नाही.

पुढे इडा खंगते, तिला विश्रांतीसाठी घराबाहेर पाठवावं लागतं, आणि विक्टरला लहानपणी सांभाळलेली म्हातारी मॅड्स घराचा ताबा घेते. ती त्याला कामाला जुंपते, पोराला करावी तशी कोपऱ्यात उभं राहण्याची शिक्षा करते. तिथं हसू येतं, यायलाच हवं. पण त्याआधी आपण त्या घरातली कामं एकामागून एक पाहिलेली असतात. ड्रायरना खऱ्या घरातच चित्रीकरण करायचं होतं. जागा पुरेना म्हणून त्यांनी स्टुडिओत चालू गॅस आणि नळाच्या पाण्यासकट तसंच घर उभारलं. त्यामुळे तिथलं काम नाटकी वाटत नाही. ते पाहून आपलेही खांदे दुखू लागतात.

विक्टर फार लवकर सुधारतो, हे मलाही पटत नाही. इडा तर त्याहून लवकर माफ करते. यावर वाद जरूर व्हावा, तुमच्याच पानावर व्हावा. पण त्यासाठी लेखकमहोदयांनी हा चित्रपट पुन्हा एकदा पाहावा, आणि लोण्याच्या प्रसंगाशी जरा थांबावं, ही कळकळीची विनंती.

आपली नियमित वाचक,
सातारा