सभासदांना आठवण : शनिवारचं सत्र, ओला फ्लोट्टुम यांचं संगीत

नमस्कार मंडळी,

येत्या शनिवारी संध्याकाळी बरोबर सहाला नेहमीच्या हॉलमध्ये भेटतोय. या वेळी नॉर्वेचे संगीतकार ओला फ्लोट्टुम.

दिग्दर्शक योआकिम ट्रिअर यांच्यासोबत त्यांनी २००६ च्या ‘रिप्राइझ’पासून २०२१ च्या ‘द वर्स्ट पर्सन इन द वर्ल्ड’पर्यंत काम केलं. मूळचे ते ऑस्लोच्या ‘द व्हाइट बर्च’ या बँडचे गायक. संथ पियानो, जवळजवळ कुजबुजल्यासारखा आवाज. चित्रपटांतही हाच संयम दिसतो, आणि मला तो फार मोलाचा वाटतो. प्रेक्षकाला रडवायची घाई हा माणूस कधी करत नाही.

आपण ‘थेल्मा’ (२०१७) पूर्ण बघणार आहोत. सुरुवातच नीट बघा: गोठलेल्या तळ्यावरून बाप आणि चिमुकली लेक चालतायत, पायाखालच्या बर्फातून मासे दिसतायत. पुढे जंगलात बापाची बंदूक हरणावरून हळूच मुलीकडे वळते. तिथे संगीत कुठे आहे आणि कुठे नाही, याकडे कान ठेवा. चर्चा तिथूनच सुरू करू.

त्याआधी जमलं तर ‘ऑस्लो, ३१ ऑगस्ट’ (२०११) घरी बघून या. त्याचं संगीत त्यांनी तोर्गनी आम्डाम यांच्यासोबत केलंय.

लहान मुलांना कृपया आणू नका, काही प्रसंग त्यांच्यासाठी नाहीत. फोन बंद ठेवा, नुसता सायलेंट नको. शांत जागी व्हायब्रेशनही ऐकू येतं. श्रेयनामावली संपेपर्यंत दिवे लावणार नाही.

येणार असाल तर शुक्रवारपर्यंत ग्रुपवर कळवा, खुर्च्या मांडायला सोपं जाईल.