मिलिंदास पत्र : डॉक्टरांच्या ‘बहुतेक’विषयी

दादर, मुंबई

प्रिय मिलिंद,

काल फोनवर तू इतका भडकला होतास की मी फारसं बोललोच नाही. काकूंच्या ऑपरेशनबद्दल डॉक्टर ‘बहुतेक’, ‘शक्यता आहे’ यापुढे जात नाहीत, म्हणजे त्यांना काही कळत नाही, असं तुझं म्हणणं. मला नेमकं उलट वाटतं, म्हणून सविस्तर लिहितोय.

आपला पाऊसच घे. २६ जुलै २००५ ला सांताक्रूझला चोवीस तासांत ९४४ मिलिमीटर पडला, आणि त्याच दिवशी कुलाब्याला जेमतेम ७३. मधे अंतर किती, तर वीस-पंचवीस किलोमीटर. तू चर्चगेटच्या ऑफिसातून ‘इथे तर काहीच नाही’ म्हणून सांगत होतास, आणि तुझे बाबा कुर्ल्यात कमरेएवढ्या पाण्यात उभे होते. आदल्या दिवशी कुणी अख्ख्या मुंबईसाठी एकच ठाम आकडा दिला असता, तर तो तुम्हा दोघांपैकी कुणाच्या उपयोगी पडला असता? वेधशाळा ‘तुरळक ठिकाणी’ म्हणते त्याला लोक हसतात, पण त्यालाही ठरलेलं माप आहे : त्या भागातल्या फार तर पाव केंद्रांवर. आपलं अंगण कोरडं राहिलं तरी अंदाज बरोबर असू शकतो.

आणि नियम पाठ असले तरी भागत नाही. एडवर्ड लॉरेन्झ नावाचे शास्त्रज्ञ १९६१ मध्ये संगणकावर हवामानाचं गणित मांडत होते. एक गणित मधूनच पुन्हा चालवायचं म्हणून त्यांनी छापील कागदावरचा ०.५०६ हा आकडा भरला. यंत्राच्या स्मृतीत तो ०.५०६१२७ होता. समीकरणं तीच, यंत्र तेच. सुरुवातीला दोन्ही उत्तरं बरोबरीने चालली, मग फाटत गेली आणि शेवटी एकमेकांशी ओळखही राहिली नाही. हे वाचल्यापासून ‘शक्यता’ या शब्दाबद्दल मला आदर वाटतो. आपलं मोजमाप कुठवर पोचतं ते ज्याला ठाऊक आहे, तोच तो शब्द जबाबदारीने वापरतो.

गेल्या पावसाळ्यात रेड अलर्ट म्हणून शाळा बंद ठेवल्या आणि दुपारी ऊन पडलं, तेव्हाही तू चिडला होतास. पण दोन चुका शेजारी ठेवून बघ. सुट्टी फुकट गेली तर एक दिवस बुडतो. शाळा चालू ठेवून पाणी भरलं तर पोरं रस्त्यात अडकतात. पावसाची खात्री नसतानाही, कुठली चूक परवडेल हे ठरवता येतं. काकूंच्या बाबतीतही मला हाच विचार करावासा वाटतो.

टक्केवारी शंभर वेगवेगळ्या माणसांची असते. त्यात आपल्या काकू कुठे, ते तिच्यावरून कळत नाही. त्यांचं वय, साखर, हृदयाचा रिपोर्ट बघून थोडं जवळ जाता येतं, तेवढंच. तेव्हा ‘नक्की बऱ्या होतील ना?’ हा प्रश्न सोड. ऑपरेशन केलं नाही तर वर्षभरात काय होईल ते विचार. केल्यावर पहिल्या आठवड्यात काय बिघडू शकतं, बिघडलं तर तिथे आयसीयू आहे का, हे विचार. दुसऱ्या डॉक्टरांचं मत घ्यायलाही काही हरकत नाही, हे डॉक्टर नाराज होणार नाहीत. पण ‘शंभर टक्के गॅरंटी’ देणाऱ्या ज्या माणसाचा नंबर तुला कुणीतरी दिलाय, त्याच्याकडे जाऊ नकोस. हात जोडून सांगतो.

शुक्रवारी मी येतोय. जुन्या रिपोर्टांची फाईल आणि चालू गोळ्यांची यादी काढून ठेव, प्रश्न मी कागदावर लिहून आणतो. आणि काकूंना बाहेर बाकावर बसवू नकोस. जे काही टक्के असतील ते त्यांच्यासमोरच बोलू दे. निम्म्या गोष्टी तर त्यांनाच ठरवायच्या आहेत.

काकूंना नमस्कार.

तुझा,
सुहास